चिमणरावानंतर काय? दिलीप प्रभावळकर यांच्या अभिनय-कारकिर्दीचा प्रकरण अभ्यास

एखादी भूमिका अमाप गाजली की नटापुढे एक पेच उभा राहतो. निर्मात्यांना तेच हवे असते, प्रेक्षकांना तेच आठवत असते, आणि खुद्द नटालाही तेच सोपे झालेले असते. मराठी नाटक-सिनेमात या पेचातून सुटलेल्यांपेक्षा त्यात अडकलेल्यांची यादी मोठी आहे. नकार देणे ज्याला परवडते त्याला सुटणे शक्य होते. चरित्र अभिनेत्याच्या पोटाचा प्रश्न बहुधा पुढ्यात आलेल्या कामावर अवलंबून असतो. दिलीप प्रभावळकर यांच्यावर हा प्रसंग कारकिर्दीच्या आरंभीच आला, आणि त्यानंतरच्या साडेचार दशकांत त्यांनी जे केले ते या पेचाचे उत्तर म्हणून वाचता येते. त्यांच्या भूमिकांची जंत्री देण्याचा हेतू येथे नाही. दूरदर्शन मालिकेतल्या चिमणरावाच्या भूमिकेने घातलेला साचा मोडला कसा आणि तो मोडण्यास कोणती परिस्थिती उपयोगी पडली, एवढ्याच प्रश्नाचा हा अभ्यास आहे.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले आणि त्याच दशकाच्या उत्तरार्धात ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ ही मालिका घरोघरी पोहोचली. घरोघरी म्हणजे ज्यांच्याकडे संच होता त्यांच्या घरी, आणि त्या घरात आळीतले ज्यांना ज्यांना मावता येईल त्या सर्वांसाठी. वाहिनी एकच होती. त्यामुळे त्या पडद्यावर दिसलेला चेहरा विसरला जाण्याची सोय नव्हती. बाळ कर्वे यांचा दणकट गुंड्याभाऊ आणि प्रभावळकरांचा किरकोळ अंगकाठीचा, बावरलेला चिमणराव ही जोडी पाहता पाहता लोकांच्या बोलण्यात रुळली.

चिं. वि. जोशी यांच्या कथांमध्ये चिमणराव स्वतःची फजिती स्वतःच सांगतो. विनोदाचे सारे बळ त्या निवेदनात आहे: आपण हास्यास्पद ठरत आहोत याची त्याला कल्पना नाही आणि तो अत्यंत गंभीरपणे आपला कारभार वाचकांपुढे मांडत राहतो. पडद्यावर हे निवेदन उरत नाही. मग तो भाबडा गंभीरपणा कुठे ठेवायचा? प्रभावळकरांनी तो चिमणरावाच्या वागण्यात ठेवला. त्यांचा चिमणराव प्रेक्षकांना हसवू पाहत नाही. तो सभ्यपणे, नियमाने, कुटुंबप्रमुखाच्या जबाबदारीने वागू पाहतो आणि प्रत्येक वेळी त्याचे हसे होते. मास्टर विनायकांच्या ‘लग्न पहावे करून’ या १९४० सालच्या चित्रपटात दामुअण्णा मालवणकर आणि विष्णुपंत जोग यांनी हीच जोडी रंगवली होती, आणि दामुअण्णांच्या नुसत्या मुद्रेवर हशा पिकत असे. प्रभावळकरांपाशी अशी उपजत विनोदी मुद्रा नव्हती. त्यांचा चेहरा मुळात कोणत्याच एका गोष्टीची जाहिरात करत नाही, आणि पुढच्या साऱ्या प्रवासाच्या दृष्टीने ही उणीव मोठी मोलाची ठरली.

चिमणराव लोकप्रिय झाला तेव्हा प्रभावळकर नवखे नव्हते, हे विसरले जाते. रत्नाकर मतकरी यांच्या बालनाट्यांत त्यांनी आधीच काम केले होते. ‘अलबत्या गलबत्या’तली त्यांची चिंची चेटकीण पाहून मोठी झालेली एक पिढी आहे. बालनाट्य ही नटाची फार कठोर शाळा असते. समोरचा प्रेक्षक शिष्टाचार म्हणून शांत बसत नाही, नटाच्या नावलौकिकाशी त्याला देणेघेणे नसते, आणि चेटकीण खरी वाटली नाही तर तो सरळ शेजारच्याशी बोलू लागतो. चेटकिणीला चालणे लागते, आवाज लागतो, हातांची एक ठरलेली ढब लागते; आणि हे सगळे शेवटच्या रांगेतल्या मुलापर्यंत न ओरडता पोहोचवावे लागते. त्याच मतकरींच्या, महाभारतातील युद्धोत्तर काळावरच्या ‘आरण्यक’मध्ये प्रभावळकरांनी विदुर केला. म्हणजे चेटकीण आणि विदुर या दोन टोकांमध्ये ये-जा करण्याची सवय दूरदर्शनच्या आधीच अंगी बाणलेली होती. चिमणरावाने प्रसिद्धी दिली. घडण मात्र आधीची होती. साचा मोडण्याचे पहिले कारण मला येथेच दिसते. ज्या नटाची पहिली ओळखच एका भूमिकेतून होते त्याला तिच्याबाहेर उभे राहण्यासाठी जमीन शोधावी लागते. प्रभावळकरांना ती शोधावी लागली नाही, रंगभूमीवर ती होतीच.

तरीही पुढील काही वर्षे विनोदी, भिडस्त, मध्यमवर्गीय माणसाच्या भूमिका त्यांच्याकडे येत राहिल्या, हे नाकारता येणार नाही. निर्णायक वळण आले ते ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस आणि नव्वदच्या आरंभी. अवघ्या चार-पाच वर्षांत या नटाने एकमेकींशी काडीचेही नाते नसलेल्या भूमिका पाठोपाठ केल्या. प्रकरणाचा गाभा हाच कालखंड असल्यामुळे त्यावर जरा रेंगाळणे भाग आहे.

जयवंत दळवी यांच्या ‘नातीगोती’ या नाटकात मतिमंद मुलाच्या बापाची, काटदरेची, भूमिका प्रभावळकर करीत असत. मुलगा अतुल परचुरे करीत. थकलेला, मुलावर माया करणारा आणि त्याच मुलामुळे आयुष्य खुंटलेला हा बाप आहे. त्यानंतर १९९१ साली संजय सूरकर दिग्दर्शित ‘चौकट राजा’ आला आणि त्यात बुद्धीची वाढ थांबलेला नंदू प्रभावळकरांनीच केला. ज्या दुःखाकडे रंगमंचावर बापाच्या जागेवरून पाहिले होते, त्याच दुःखाच्या आत शिरून पडद्यावर उभे राहायचे होते. ‘नातीगोती’च्या प्रयोगांतून अशा मुलाच्या घराचा रोजचा ताण या नटाच्या चांगलाच परिचयाचा झालेला असणार, आणि नंदू करताना त्याचा उपयोग झाला नसेल असे मानणे कठीण आहे.

‘चौकट राजा’तला नंदू लहानपणीच्या अपघातानंतर मनाने मुलगाच राहिलेला प्रौढ आहे. आई (सुलभा देशपांडे) त्याला सांभाळते आहे, आणि बालमैत्रीण मुन्नी (स्मिता तळवलकर) संसारी बाई होऊन त्याच्या आयुष्यात परत येते. अशा भूमिकेत दोन धोके असतात. एक म्हणजे व्यंगाचे प्रदर्शन: मान, हात, ओठ, जीभ यांच्या हालचालींची नक्कल इतकी बिनचूक करायची की प्रेक्षक माणसाऐवजी नटाची कारागिरी पाहू लागतो. दुसरा म्हणजे निरागसतेचा पाक. प्रभावळकरांनी पहिल्या धोक्यावर मात केली ती हालचालींना कारण देऊन. नंदू मुन्नीला ओळखतो तेव्हा त्याच्या अंगात जी उसळी येते ती आनंदाची असते. व्यंग तिला फक्त वळण देते. नंदू हट्ट करतो, रुसतो, दुसऱ्याच्या घरातला ताण त्याला उमगत नाही पण जाणवतो. हे ‘जाणवणे’ चेहऱ्यावर आणताना ज्याची समज मोठ्या माणसाची नाही अशाच माणसाची प्रतिक्रिया द्यायची असते, आणि नट हुशार असेल तर तेथे त्याची हुशारी हमखास डोकावते. येथे ती डोकावत नाही. दुसऱ्या धोक्यातून चित्रपट पूर्णपणे सुटला आहे असे मला वाटत नाही. काही प्रसंगी गाणी आणि पार्श्वसंगीत प्रेक्षकाचा हात धरून त्याला रडण्याच्या जागी नेऊन बसवतात. पण तो दोष नटाच्या खात्यावर टाकण्याचे कारण नाही.

त्याच सुमारास रंगभूमीवर ‘हसवाफसवी’ आले. लेखक प्रभावळकर, आणि त्यातल्या सहा भूमिकाही प्रभावळकरांच्याच. बहुरूपी प्रयोगांची परंपरा मराठीला नवी नव्हती, परंतु येथे लेखक नटाच्या गरजा ओळखून लिहीत होता आणि नट लेखकाला पुरता ठाऊक होता. एका विंगेतून आत गेलेला माणूस थोड्याच वेळात दुसऱ्याच वयाचा, दुसऱ्याच लिंगाचा, दुसऱ्याच सुरात बोलणारा होऊन परत येई. मागे वेशभूषा आणि रंगभूषा करणाऱ्यांची काय धांदल उडत असेल ते कल्पनेनेच जाणावे. या गमतीच्या शेवटी येणारे वृद्ध गायक नट कृष्णराव हेरंबकर मात्र वेगळ्या जातीचे होते. तोवर हसून हसून सैल झालेले सभागृह त्या जुन्या, थरथरत्या, मानी माणसापुढे सावरून बसे. वेष बदलण्याचा वेग हा या नाटकाचा नुसता दर्शनी भाग होता. खरी परीक्षा हेरंबकरांपाशी होती, कारण तेथे वेगाचा काहीच उपयोग नव्हता.

लेखनाचा मुद्दा येथे नोंदवून ठेवायला हवा. साच्यातून बाहेर पडू पाहणारा नट सहसा कोणीतरी वेगळी भूमिका देईल याची वाट पाहतो. प्रभावळकरांना लिहिता येत होते, त्यामुळे वाट पाहण्याची सक्ती नव्हती. ‘बोक्या सातबंडे’सारखे मुलांसाठीचे लेखन, वृत्तपत्रीय सदरे, विनोदी लेख ही त्यांची दुसरी बाजू नटाला पाठबळ देत राहिली. स्वतःसाठी भूमिका लिहिण्यात आत्मप्रीतीचा धोका असतोच. लेखक नटाला सोयीचे पडेल तेच लिहितो. ‘हसवाफसवी’त हेरंबकरांची जागा शेवटी ठेवण्याचा निर्णय मात्र सोयीचा म्हणता येत नाही.

नंतर १९९३ साली महेश कोठारे यांचा ‘झपाटलेला’ आला. नावाजलेल्या नटाची सर्वांत लोकप्रिय भूमिका बहुतांश वेळ त्याच्या शरीराशिवायच वावरते, असे दुसरे उदाहरण मराठीत मला आठवत नाही. तात्या विंचू हा गुंड आरंभीच मारला जातो आणि मरताना मंत्राच्या बळावर आपला प्राण एका बाहुल्यात घालतो. त्यानंतर पडद्यावर दिसतो तो रामदास पाध्ये यांनी घडवलेला बाहुला, आणि ऐकू येतो तो प्रभावळकरांचा आवाज. ‘ओम फट् स्वाहा’ हा मंत्र त्या आवाजात म्हणून दाखवणारी मुले आजही भेटतात, आणि ती चित्रपट आला तेव्हा जन्मलीही नव्हती. हा आवाज ऐकताना एक गोष्ट ध्यानात घ्यावी. बाहुल्याचा जबडा उघडतो आणि मिटतो, एवढेच. भुवई उंचावत नाही, गालावर सुरकुती पडत नाही. म्हणून चेहऱ्याने जे केले असते ते सारे आवाजाला करावे लागते: कुत्सितपणा, चीड, लाडीगोडी, घाई, आणि अधूनमधून खास तात्या विंचूचे स्वतःवरच खूश होणे. प्रभावळकरांनी घशात खरखर आणली, शब्द ताणले, आणि धमकीच्या वाक्यातही एक गावरान थट्टेखोरपणा राखला. त्यामुळे मुले घाबरतही होती आणि हसतही होती. ज्या नटाला लोक दोनच वर्षांपूर्वी नंदू म्हणून ओळखत होते, त्याचा हा आवाज आहे असे न सांगता कळत नसे. चिमणरावाचा प्रश्न खऱ्या अर्थाने सुटला तो येथे.

येथे समकालीनांशी तुलना केल्यावाचून चित्र पुरे होत नाही. ‘झपाटलेला’चा नायक लक्ष्मीकांत बेर्डे होते. त्यांच्यातला नट मोठा होता, पण लोकांना आणि निर्मात्यांना चित्रपटागणिक ‘लक्ष्या’च हवा होता. निळू फुले यांनी ‘सिंहासन’मधला पत्रकार दिगू टिपणीस ज्या संयमाने केला तो पाहिला की गावातल्या बेरकी पुढाऱ्याच्या भूमिकांनी या नटाचा किती भाग झाकून टाकला होता ते कळते. या दोघांच्या नावावर चित्रपट चालत. प्रभावळकरांच्या नावावर त्या काळी ते तसे चालत नव्हते. हे कमीपणाचे वाटेल, पण साच्यापासून सुटका मिळण्याचे ते दुसरे मोठे कारण आहे. ज्याच्यावर गल्ला अवलंबून नसतो त्याच्याकडून ठरावीक माल मागण्याची घाई कोणाला नसते. तारा न होण्याची किंमत त्यांनी मोजली आणि बदल्यात मोकळीक मिळवली. त्यांनी हे ठरवून केले की तसे घडत गेले, यावर वाद घालता येईल. परिणाम तोच राहतो.

पुढचा टप्पा पुन्हा छोट्या पडद्याचा. ‘लोकसत्ता’मधील ‘अनुदिनी’ या त्यांच्याच सदरावर आधारलेली ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका २००१ साली अल्फा मराठी वाहिनीवर सुरू झाली. दिग्दर्शन केदार शिंदे यांचे होते. आबा टिपरे, मुलगा शेखर (राजन भिसे), सून श्यामला (शुभांगी गोखले), नातू शिऱ्या (विकास कदम) आणि नात शलाका (रेश्मा नाईक) असे हे तीन पिढ्यांचे घर. त्याच काळात हिंदी वाहिन्यांवर दागिन्यांनी मढलेल्या सासवासुनांची कारस्थाने दररोज चालू होती. टिपऱ्यांच्या घरात मात्र एखाद्या भागाला किरकोळ घरगुती कुरबूर पुरत असे. पन्नाशी ओलांडलेल्या प्रभावळकरांनी आपल्याहून बरेच मोठे आबा उभे केले. म्हातारपण दाखवताना नट हमखास कंप आणि खोकला यांचा आधार घेतात. आबांचे वय दिसते ते दुसरीकडे: उत्तर देण्याआधी घेतलेल्या क्षणभराच्या विरामात, घरातल्या कोणत्या भांडणात आपण पडायचे आणि कोणत्यात वर्तमानपत्र वर धरायचे याच्या अचूक निवडीत. चिमणराव आणि आबा हे दोघेही मध्यमवर्गीय मराठी कुटुंबातले. म्हणजे साच्यात परत अडकण्याची आयती संधी होती. परंतु चिमणरावाला आपण हास्यास्पद आहोत हे कळत नाही आणि आबांना जगाचा हास्यास्पदपणा पुरता कळतो. दोन भूमिकांमधला हा फरक इतका मुळाचा आहे की एकीची सावली दुसरीवर पडत नाही.

हिंदीत त्यांचा वापर तुलनेने कमी झाला, पण झाला तेव्हा तो डोळ्यांत भरण्याजोगा होता. ‘एन्काउंटर: द किलिंग’ (२००२) या चित्रपटात नसीरुद्दीन शाह यांच्यासमोर त्यांनी गुन्हेगारी जगातला पुनप्पा केला. चार वर्षांनी राजकुमार हिराणी यांच्या ‘लगे रहो मुन्नाभाई’मध्ये ते गांधीजी झाले. गांधीजींची भूमिका म्हटली की नट इतिहासाच्या ओझ्याखाली वाकतो. या चित्रपटातले बापू तर फक्त मुन्नाला दिसतात. वाचनालयात रात्रंदिवस गांधी वाचून काढलेल्या एका गुंडाच्या मेंदूतला तो ‘केमिकल लोचा’ आहे. मुन्नाला जे ठाऊक नाही ते या बापूंनाही ठाऊक नाही, हे पुढे भर पत्रकार परिषदेत उघडे पडते. म्हणजे प्रभावळकरांना राष्ट्रपिता करायचा नव्हता. मुन्नाला परवडतील, त्याच्याशी मित्रासारखे बोलतील असे गांधीजी करायचे होते. त्यांनी आवाज खाली ठेवला, उपदेशाचा सूर टाळला आणि वाक्यांच्या टोकाला एक मिश्कील हसू ठेवले. भास असलेले पात्र खऱ्या माणसांच्या शेजारी उभे असताना त्याने कमीत कमी जागा व्यापायची असते, ही जाण त्या कामात आहे. या भूमिकेसाठी आणि त्याच वर्षीच्या गजेंद्र अहिरे दिग्दर्शित ‘शेवरी’ या मराठी चित्रपटासाठी मिळून त्यांना ५४व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला.

त्यानंतर हिंदीने त्यांच्याकडून सज्जन म्हाताऱ्यांची रांग लावून घेतली असती तर नवल नव्हते. रामगोपाल वर्मा यांनी ‘सरकार राज’मध्ये (२००८) त्यांना रावसाहेब दिले, आणि या वडीलधाऱ्या, आदरणीय माणसाच्या आड कारस्थानी मेंदू दडवला. प्रेक्षकांच्या मनात ताजे असलेले बापूच त्या फसवणुकीला उपयोगी पडले असावेत. तेथून परत मराठीत, उमेश कुलकर्णी यांच्या ‘देऊळ’मध्ये (२०११) गावात देवाच्या नावाने बाजार उभा राहताना पाहणारे आणि अखेर गाव सोडणारे अण्णा त्यांनी केले. त्या चित्रपटात नाना पाटेकरांनी रंगवलेला ‘भाऊ’ बोलतो, हलतो, गाव हलवतो. अण्णांच्या वाट्याला बहुतेक वेळ ऐकणेच आहे. ऐकण्याचा अभिनय हा चरित्र अभिनेत्याच्या कामाचा निम्मा भाग असतो आणि परीक्षणांत त्याची दखल क्वचितच घेतली जाते.

सगळेच साधले असे मात्र नाही. ‘झपाटलेला’चा दुसरा भाग २०१३ साली त्रिमितीत आला, आवाज तोच होता, पण पहिल्या वेळचा धक्का उरला नव्हता. बाईच्या वेषातील भूमिकांची रंगत ‘वासूची सासू’ या नाटकानंतर ओळखीची होत गेली. क्वचित काही चित्रपटांत दिग्दर्शकाने रंगभूषेवरच इतका भर दिला आहे की नटाला पुढे करण्यासारखे काही राहिलेले नाही. नटाचे वैविध्य दाखवायचे म्हणून भूमिका लिहिली जाते तेव्हा असे होते.

वयाच्या ८१व्या वर्षी, सप्टेंबर २०२५ मध्ये, सुबोध खानोलकर दिग्दर्शित ‘दशावतार’ प्रदर्शित झाला. त्यातला बाबुली मेस्त्री हा तळकोकणातला दशावतारी कलावंत. नजर अधू होत चाललेली आहे, मुलाला बापाने आता काम थांबवावे असे वाटते, आणि सोंग अंगावर चढले की बाबुली दुसराच होतो. आयुष्यभर सोंगे घेतलेल्या नटाला सोंगाड्याची भूमिका देणे ही कल्पना म्हटली तर सोपी आहे. ती पेलायला मात्र शरीर लागते. दशावतारात मुखवट्यापेक्षा पदन्यास, ताल आणि उभे राहण्याची ऐट यांवर पात्र ठरते, आणि येथे त्यात जंगल, पाणी व रात्र यांची भर होती. या चित्रपटाच्या जाहिरातींत सर्वांत मोठा चेहरा प्रभावळकरांचा होता. नावावर चित्रपट न चालण्याची मोकळीक आयुष्यभर उपभोगलेल्या नटाच्या नावावर उतारवयात लोक तिकीट काढत होते.

हा मार्ग आजच्या नटाला अनुसरता येईल का, हा प्रश्न अभ्यास म्हणून उरतोच. चिमणराव आणि आबा या दोन्ही मालिका अधूनमधून भेटणाऱ्या होत्या; रोज रात्री त्याच वेळी त्याच चेहऱ्याने घरात येणाऱ्या नव्हत्या. दैनंदिन मालिकेत प्रमुख काम करणाऱ्याचे महिन्यातले बहुतेक दिवस चित्रीकरणात जातात, नाटकाच्या तालमीला वेळ उरत नाही, आणि शेकडो भागांनंतर प्रेक्षक त्याला पात्राच्या नावानेच हाक मारू लागतात. शिवाय बालनाट्य, प्रायोगिक आणि व्यावसायिक रंगभूमी यांत एकाच वेळी वावरत घडण्याची जी सोय सत्तरच्या दशकातील मुंबईत होती तीही आता तशी राहिलेली नाही. आज साचा मोडू पाहणाऱ्या नटाला मालिकेच्या करारातच नाटकाच्या तारखा राखून घ्याव्या लागतात, आणि तसे करणाऱ्याला निर्माते पहिल्या बैठकीत फारसे उत्साहाने चहा विचारत नाहीत.